काकवीऐवजी डांबर

डेरी, १६ जानेवारी २०२३

प्रिय ब्रोना,

नाताळाला तुझं कार्ड आलं, माझं गेलं, म्हणजे आपला वर्षाचा पत्रव्यवहार आटोपला होता. पण आज मी इतकी संतापले आहे की पुढच्या नाताळापर्यंत थांबले तर फुटून मरेन. फोन केला असता, पण फोनवर तुला ऐकू येत नाही आणि मग माझं बोलणं अख्ख्या गल्लीला ऐकू जातं.

शाळेतून निवृत्त झाल्यापासून दर मंगळवारी मी इथल्या इतिहास-दालनात बसते. आलेल्यांना आधी स्वच्छतागृह कुठे आहे ते सांगायचं आणि मग कोणी कोणाला गोळी घातली ते. परवा तिथे 'संघर्षातल्या स्त्रिया' म्हणून नवी भिंत उभारली. मध्यभागी पुरुषभर उंचीचा फोटो. खांबाला बांधलेली मुलगी, केस भादरलेले, डोक्यापासून छातीपर्यंत काळी, अंगाला उशीतली पिसं चिकटलेली, तोंड उघडं. खाली पाटी: 'ब्रिटिश सैनिकाशी संबंध ठेवल्याबद्दल गल्लीने शिक्षा दिलेली तरुणी, मार्च १९७३. नाव अज्ञात.'

नाव अज्ञात! माझी सख्खी मावसबहीण, नवव्या वर्षापासून आमच्या घरात वाढलेली, चर्चच्या नाट्यमंडळाची तारका, आणि नाव अज्ञात!

मी तशीच कॉनलकडे गेले. तो दालनाचा प्रमुख. वय तिशीचं, दाढी साठीची.

"अरे बाळा, ही नटी आहे."

"कोण, मिस?"

"ही, खांबाला बांधलेली. तो डेन्मार्कचा माणूस सिनेमा काढायला आला होता ना, त्यातला हा प्रवेश आहे. खऱ्या पोरी कॅमेऱ्यासमोर येईनात, म्हणून हिला उभी केली."

"पण मिस, तो माहितीपट आहे."

"माहितीपटात माहितीच असते असं तुला कोणत्या गाढवाने शिकवलं?"

मग मी त्याला काकवीची गोष्ट सांगितली. त्या डेनने डांबर म्हणून तुझ्या डोक्यावर ओतायला काकवीचे दोन मोठे डबे आणले होते. आता आपल्या बायका! चांगली काकवी डोक्यावर ओतायची म्हणजे अन्नाचा अपमान. डबे गेले घराघरात, आठवडाभर गल्लीभर काकवीचा पाव, आणि चित्रीकरणाला आलं रस्त्याच्या कामाचं डांबर. असला वेंधळेपणा आपल्याच बायका करू जाणोत. तुझी कातडी पहिल्यापासून नाजूक, भाजलं तुला. वाईट झालं. पण झालं ते चुकून.

२५ मार्चला पन्नास वर्षं होतील म्हणून दालनात तो सिनेमा दाखवणार आहेत. त्याआधी ती पाटी बदललीच पाहिजे. कॉनलला तुझी सही हवी आहे, की फोटोतली स्त्री तू आहेस आणि प्रसंग अभिनीत आहे. कागद सोबत आहे. सही कर आणि पाठव. आयुष्यात एकदाच पडद्यावर आलीस, ते तरी नावानिशी असू दे.

तुझी,
ईटा


हल, २४ जानेवारी २०२३

प्रिय ईटा,

पत्र मिळालं. पाटी आहे तशीच राहू दे.

इथे मला लोक शाळेच्या स्वयंपाकघरातली ब्रोना म्हणून ओळखतात. सत्तावीस वर्षं मी त्यांच्या पोरांना बटाटे वाढले. मी कायम डोक्याला रुमाल का बांधते हे कोणी विचारत नाही. नटी तर मला कोणी म्हणत नाही आणि म्हणू नये.

कागद परत पाठवते आहे, सही न करता.

'अन्नाचा अपमान' हे शब्द सेडीमावशीचे ना? वाचताना तिचा आवाज ऐकू आल्यासारखा वाटला.

थंडी फार आहे. जपून राहा.

ब्रोना


डेरी, ३० जानेवारी २०२३

प्रिय ब्रोना,

पाटी राहू दे म्हणे! लोक त्या फोटोसमोर उभे राहून चुकचुकतात. गेल्या मंगळवारी एक बाई नवऱ्याला सांगत होती, "ह्या असल्या पोरींमुळे किती पोरं पकडली गेली, माहीत आहे?" असल्या पोरी! मी तिला म्हटलं, "बाई, ती असली पोरगी माझी बहीण आहे आणि ती रोज सकाळी चर्चमध्ये मिस्साला जात होती, तुम्ही शेवटच्या कधी गेलात?" तक्रार गेली माझ्याविरुद्ध. जाऊ दे. चाळीस वर्षं वर्गात उभी राहिले आहे मी, तक्रारींवरच पोसले आहे.

तू नेहमीचीच अशी. नाटक संपल्यावर टाळ्या पडायच्या तेव्हा तू पडद्यामागे आणि मी पुढे तुझ्या वतीने वाकून नमस्कार करत असायची.

मी वर्तमानपत्राला पत्र लिहिलं, छापून आलं, कॉनल नरमला. नव्या पाटीचा मसुदा असा: 'अभिनेत्री ब्रोना डेव्हनी. प्रसंग नाट्यरूपात. श्रीमती सेडी मॅकगिलिन यांच्या पुढाकाराने गल्लीतील स्त्रियांनी चित्रीकरणाला सहकार्य केले.' आईचं नाव मीच घालायला लावलं. तिने चाळीस वर्षं चर्चची वेदीवरची वस्त्रं धुतली. तिच्या प्रेतयात्रेला सहाशे माणूस होतं, तू आली नाहीस तरी. तिच्या घरातली पोर 'सैनिकाची पोरगी' म्हणून भिंतीवर टांगली जाणार असेल तर ती थडग्यातून उठून येईल.

पुरावा हवा म्हणून मी वृद्धाश्रमात मॅगी कॉइलला भेटायला गेले. एक्क्याण्णव पूर्ण. त्या दिवशीच्या बायकांपैकी ती एकटीच उरली आहे. म्हटलं, "मॅगीकाकू, ते नाटकच होतं ना हो?" तर दात नसलेल्या तोंडाने हसत सुटली. "कसलं नाटक गं? पण पोरीने काम मात्र फर्मास केलं." भ्रमिष्ट झाली आहे म्हातारी.

नवा कागद सोबत आहे. महिन्याच्या आत सही आली नाही तर तुझ्या वतीने मी करेन. लहानपणी तुझ्या प्रगतिपुस्तकावर आईची सही मीच ठोकत होते, हात बसलेला आहे.

तुझी,
ईटा


हल, ८ फेब्रुवारी २०२३

प्रिय ईटा,

माझ्या वतीने सही करणार म्हणतेस. मग कशावर करणार आहेस ते आधी वाच. हे मी कोणालाही लिहिलेलं नाही.

चित्रीकरणाच्या दोन आठवडे आधी, शनिवारी दुपारी, मी मंडळाच्या तालमीहून परत येत होते. कोपऱ्यावर सैनिकांची तुकडी होती. एकच गोळी सुटली. बाकीचे सैनिक भिंतींना चिकटले आणि एक जण वाण्याच्या दुकानासमोर पडला. सगळी दारं धाडधाड बंद झाली. वाण्यानेही आतून कडी घातली. गल्लीत तो आणि मी.

ईटा, त्याला गळ्यात लागली होती. हापशातून पाणी यावं तसं रक्त हबके मारत येत होतं. एकोणीस-वीसचा असेल, गालावर पुटकुळ्या. मला कॉन्व्हेंटमधली सिस्टर बेनिग्नस आठवली. "मरणाऱ्याची सगळी इंद्रियं जातात, कान शेवटी जातो. तो कोणत्या धर्माचा हे विचारू नका. कानाला तोंड लावा आणि पश्चात्तापाची प्रार्थना म्हणा." मी गुडघ्यांवर बसले, त्याच्या कानाला तोंड लावलं आणि म्हटली. त्याने माझी बाही धरली होती. प्रार्थना संपायच्या आत बोटं सुटली. मग त्याच्या सोबत्यांनी मला लाथा घालून बाजूला केलं. मी नळावर तोंड धुतलं, घरी आले, कोणाला काही बोलले नाही. त्यापूर्वी मी त्याला कधी पाहिलं नव्हतं.

आता चित्रीकरण. मी हसतच खांबाशी गेले. त्या डेनने शिकवलं होतं की दोर हातात नुसता गुंडाळायचा. मॅगी कॉइलने गाठ मारली. मी म्हटलं, "मॅगीकाकू, जरा सैल."

"सैल? सैनिकाखाली झालीस तेवढी सैल पुरे."

मला वाटलं, काकू भूमिकेत शिरल्या. खरंच वाटलं तसं. मनात म्हटलंसुद्धा, हिला मंडळात घ्यायला हवं.

मग मावशी कापडाची मोठी कात्री घेऊन आली. खोट्या केसांचा टोप लावलेला होता, तो कापायचं ठरलं होतं. तिने टोप काढून फेकला आणि माझे केस मुठीत धरले. केसांबरोबर कातडी गेली. रक्त डोळ्यांत आलं. तेव्हा मला कळलं. मी "मावशी, मावशी" म्हणत होते. ती माझ्या कानाशी आली आणि म्हणाली, "डोळे मीट. तोंड घट्ट बंद ठेव." बस. मला लहानाची मोठी केलेली बाई.

बादलीतून वाफ येत होती, ईटा. ते डांबर कोणी चुकून आणलं नव्हतं. सकाळपासून मॅगीच्या परसात कपडे उकळायच्या भांड्यात ते तापत होतं. वास मला येत होता, वाटलं कुठे रस्ता करताहेत. ओतलं तेव्हा डाव्या कानात तेलात काही तळावं तसा आवाज झाला आणि त्यानंतर त्या कानात कसलाच आवाज झाला नाही, आजपर्यंत. मी तोंड बंद ठेवू शकले नाही. तुझ्या फोटोत आहे ते तेव्हाचं. बायका चारी बाजूंनी कचऱ्याच्या डब्यांची झाकणं दगडांवर आपटत होत्या, सैनिक आले की आपटायच्या तशी. मॅगीने तेच झाकण माझ्या जबड्यावर हाणलं. दोन दात जिभेवर आले. आणि तो डेन ओरडत होता, "छान! छान! आणखी!" त्याला वाटत होतं, असली नटी त्याला जन्मात मिळाली नाही.

कॅमेरा धरणाऱ्या पोराला आधी समजलं. त्याने कॅमेरा खाली ठेवला आणि तो ओकला. मग डेनने स्वतःच्या हातांनी दोर कापला. त्यांच्याच गाडीतून मला सरहद्दीपलीकडच्या इस्पितळात नेलं. अकरा आठवडे. पुढे त्याने पत्र लिहून विचारलं, फिल्म जाळून टाकू का? मी कळवलं, दाखवा. कोणीतरी बघायला हवं. फक्त माझं नाव नको.

आता समजलं, मी पाटी का राहू दे म्हणते? 'गल्लीने शिक्षा दिलेली तरुणी.' सैनिकाबद्दलचं खोटं आहे, पण शिक्षेचं खरं आहे. अख्ख्या जगात ती एक पाटी निदान अर्धं खरं बोलते. आणि तुला ती पुसून तिथे 'अभिनेत्री' लिहायचं आहे. मी अभिनय केला नाही. ज्यांनी केला त्या पन्नास वर्षं करत राहिल्या.

एकच विचारते. कोणी सांगितलं? मी सगळी वर्षं मॅगीला शिव्या देत आले. पण मॅगीचं घर कोपऱ्यापलीकडे, तिथून वाण्याचं दुकान दिसत नाही. तू त्या शनिवारी वाचनालयात होतीस, तुला माहीत नसणार. पण नंतर कधी मावशी काही बोलली असेल तर कळव. मला दुसरं काही नको.

ब्रोना


हल, ६ मार्च २०२३

प्रिय ईटा,

महिना होत आला. तुझं उत्तर नाही. तुझा असा अबोला मी कधी पाहिला नाही. आजारी असलीस तर शेजारणीकडून कळव.

कॉनलने पाटीचा कागद थेट मला पाठवला आहे. 'अभिनेत्री' आहेच. मी सही केलेली नाही. तू केली आहेस का?

ब्रोना


डेरी, १० मार्च २०२३

प्रिय ब्रोना,

केलेली नाही. तीनदा पेन उचललं.

मी वाचनालयात नव्हते. वरच्या खोलीत होते. आपल्या खिडकीतून वाण्याचं दार समोर दिसायचं. गोळीचा आवाज ऐकला, तो पडला ते पाहिलं, तू गुडघ्यांवर बसलीस ते पाहिलं. तुझे ओठ हलत होते आणि कोणती प्रार्थना आहे ते मला तिथून कळत होतं. सिस्टर बेनिग्नसने छडीच्या तालावर शिकवली होती आपल्याला, कुठे श्वास घ्यायचा तेसुद्धा ठरलेलं. तू 'आमेन' म्हणालीस तेव्हा काचेआड मीही म्हणाले. मला तुझा अभिमान वाटला होता. तोही लिहून ठेवते, म्हणजे मी किती घसरले ते कळेल.

दहा दिवसांनी त्या डेनने मंडळात येऊन आपल्या दोघींची परीक्षा घेतली. मी ते काम पाठ केलं होतं. आरशासमोर रडून पाहिलं होतं. त्याने माझ्याकडे बघितलं आणि म्हणाला, "तुमचा चेहरा शाळेतल्या बाईंचा आहे. कोणाला तुमची दया येणार नाही." आणि तुला घेतलं. तू नको नको म्हणत होतीस, ते जास्तच झोंबलं.

संध्याकाळी चहाला मॅगी बसली होती. आई तिला म्हणाली, "आमची ब्रोना सिनेमात! सैनिकाच्या पोरीचं काम आहे." मी पावाला लोणी लावत होते. म्हटलं, "तिला शिकवायला नको. परवा वाण्यासमोर त्या मेलेल्याच्या कानात काय गुलूगुलू चाललं होतं, विचारा तिला."

मॅगी म्हणाली, "कानात?"

मी म्हटलं, "कान म्हणा, तोंड म्हणा, मी काय दुर्बीण लावून बसले होते?"

एवढंच, ब्रोना. दोन वाक्यं. सगळी पत्रं मी मोठमोठी लिहिली, पण करायचं ते दोन वाक्यांत केलं.

तिसऱ्या दिवशी पोरं आली, सैनिकांवर गोळ्या झाडणारी. दोघं होते, टोप्या हातात धरून, शिकवल्यासारखे. तुला रात्री शेतात नेऊन गोळी घालायचं ठरलं होतं. आई चुलीशी उभी होती. मी जिन्यात. आई म्हणाली, "माझ्या घरातली आहे. मीच करते. सगळ्यांदेखत करते, कॅमेऱ्यादेखत करते. जग बघेल. मग तुमचं माझं फिटलं." त्यांनी एकमेकांकडे बघितलं, आणि मोठा म्हणाला, "खरं डांबर, सेडी. काकवी-बिकवी नको." काकवीची गोष्ट आईने त्या रात्री रचली, इस्पितळासाठी आणि पाद्रीबाबांसाठी. मी ती पन्नास वर्षं इतक्यांदा सांगितली की मला त्या पावाची चव आठवते. तो पाव कोणी केला नव्हता. डबे परसात पुरले.

"डोळे मीट, तोंड बंद ठेव" म्हणाली, ते डांबर डोळ्यांत-घशात जाऊ नये म्हणून. हे मला तुझ्या पत्रावरून कळलं.

त्यानंतर आई चोवीस वर्षं जगली. रोज माझ्यासाठी चहा करायची, माझ्यासमोर ठेवायची, आणि स्वतःचा पेला उचलून दुसऱ्या खोलीत जायची.

फोटोत मागे आपल्या वरच्या खिडकीचा पडदा एका बाजूने सरकलेला आहे, त्याआड मी होते. लोक तुझ्याकडे बघतात, मी त्या पडद्याकडे बघते. पाटी मला तुझ्यासाठी बदलायची नव्हती.

नवा मसुदा लिहिला आहे. 'मरणाऱ्या सैनिकाच्या कानात प्रार्थना म्हटल्याबद्दल या स्त्रीला शेजाऱ्यांनी चित्रीकरणाच्या आडून खरोखर डांबर फासले. तिच्याबद्दल खोटे सांगणारी तिची मावसबहीण ईटा मॅकगिलिन.' तू म्हणालीस तर 'तिच्या एका नातलगाने' असंही लिहिता येईल. मॅगीची चार मुलं याच गल्लीत राहतात, त्या दोघा पोरांपैकी मोठा अजून जिवंत आहे. तू ठरव.

ईटा


हल, १५ मार्च २०२३

ईटा,

'नातलगाने' नको. तुझं नाव. आणि माझंही लिही, ब्रोना डेव्हनी. नटी म्हणू नका.

आणखी कोणाचं नाव मी मागत नाही. ज्याचं त्याने द्यावं.

मावशीने माझ्यासाठी घासाघीस केली हे मला आज कळलं. ती गेली तेव्हा तू चिठ्ठी पाठवलीस, मी ती वाचून कचऱ्यात टाकली. तिच्यासाठी एक मेणबत्ती लावली नाही. चोवीस वर्षं ती तिथे जिवंत होती आणि मी इथे तिला रोज मारत होते. केस आणि कान राहू दे, हे तू माझ्याकडून घेतलंस, आणि हे परत करायची काही सोय नाही.

२५ तारखेला सिनेमाआधी पाटी तू स्वतः वाचून दाखव, सगळ्यांसमोर. नेहमीच्या आवाजात, शेवटच्या बाकापर्यंत जातो त्या. मी येणार नाही.

माफी मागू नकोस. तू मागितलीस तर सिस्टरने शिकवल्याप्रमाणे मला द्यावी लागेल, आणि ती मला द्यायची नाही.

ब्रोना


डेरी, २ मे २०२३

प्रिय ब्रोना,

मनगट मोडलं होतं म्हणून उशीर. अक्षर गिचमिड आहे, शाळेत असते तर स्वतःला पाचदा लिहायला लावलं असतं.

सभागृह भरलेलं होतं. मी उभी राहिले आणि वाचलं. माझं नाव आलं तेव्हा कोणीतरी हसलं, वाटलं असेल, ईटाबाई काहीतरी विनोद करते आहे. मग हसणं थांबलं. मी कागदाबाहेरचंही सांगितलं: प्रार्थना कोणती, डांबर कुठे तापत होतं. कोणाचं नाव घेतलं नाही. पण गल्ली आपलीच, कोणाच्या परसात कपडे उकळायचं भांडं होतं ते सगळ्यांना ठाऊक.

मॅगीचा थोरला उठला. पंचावन्नचा झाला आहे, पोट सुटलं आहे, पहिलीत असताना माझ्या वर्गात चड्डी ओली करायचा. म्हणाला, "म्हातारे, मेलेल्यांना उकरून काढतेस?"

मी म्हटलं, "मेलेली नाही, हलमध्ये आहे. आणि तुझी आईही जिवंत आहे, तिला विचार."

त्याने खुर्ची फेकली. मला लागली नाही, कॉनलला लागली. कपाळाला सहा टाके, दाढीत रक्त, तरी पोरगं माझ्यासमोरून हललं नाही. मी त्याच्याबद्दल लिहिलेलं वाईटसाईट मागे घेते. मग सगळेच उठले. बाहेर पायऱ्यांवर एका बाईने माझे केस धरून मागे ओढलं. कोण ते पाहिलं नाही. चार पायऱ्या खाली आले तेव्हा मनगट गेलं. पडल्यावर कोणीतरी बरगडीत बूट घातला. जोरात नव्हता. पण तिथे पडल्या पडल्या मला कळलं की आजूबाजूला माझ्या ओळखीचे साठ पाय आहेत आणि त्यातला एकही वाकणार नाही.

सिनेमा दाखवला नाही. त्या रात्री खिडकीतून वीट आली. सकाळी दारावर लाल रंगात 'खबरी' लिहिलेलं होतं. पदवी पन्नास वर्षं उशिरा मिळाली, पण बरोबर माणसाला मिळाली. मी ती पुसलेली नाही. टपालवाला बिचारा खाली मान घालून येतो.

दालनाच्या समितीने बोलावलं. फार गोड बोलले. तुमच्या सुरक्षिततेसाठी पाटीवरून नाव काढू या, म्हणाले. मी म्हटलं, नाव काढलंत तर मी पाटीखाली खुर्ची टाकून बसेन आणि येणाऱ्याजाणाऱ्याला तोंडी सांगेन, माझा आवाज तुम्हाला माहीत आहे. पाटी लागली. ब्रोना डेव्हनी, ईटा मॅकगिलिन. दोन्ही नावं एकाच आकारात. मी पट्टी लावून मोजली.

माफी मागत नाही. तू सांगितलंस म्हणून नव्हे, मागायचा हक्क नाही म्हणून.

गेल्या मंगळवारी प्लास्टरसकट कामावर गेले. आपल्याच कॉन्व्हेंटच्या पोरी आल्या होत्या, चौदा-पंधरा वर्षांच्या. च्युइंगगम चघळत, एकमेकींना ढकलत. फोटोसमोर येऊन थांबल्या. एकीने पाटी मोठ्याने वाचली, अडखळत. मग माझ्याकडे वळली.

"मिस, ही ईटा कोण? मेली का ती?"

"नाही," मी म्हणाले. "मीच ती. विचारा काय विचारायचं ते."

त्यांच्या बाईंनी घाईघाईने त्यांना पुढच्या खोलीकडे हाकायला सुरुवात केली. पोरी हलल्या नाहीत. त्यांनी विचारलं, ब्रोना. चाळीस मिनिटं विचारलं.

ईटा